सेम्पिज्जा पायी निघाला

कंपालात भविष्यातल्या वाहतुकीवर बोलायला माणूस हवा असला की रेडिओवाले सेम्पिज्जाला बोलवत. विजेच्या बस, एका टेकडीवरून दुसरीवर जाणारे रोप-वे, धूर नसलेले रस्ते, हे सगळं तो असं सांगायचा की जणू आत्ताच बघून आलाय. एका गुरुवारी बोलण्याच्या ओघात तो म्हणाला, "पाच वर्षांत या शहरात पेट्रोलवर धावणारी एकही बोडा-मोटरसायकल उरणार नाही."

दुसऱ्या दिवशी तो नेहमीप्रमाणे घराजवळच्या बोडा अड्ड्यावर, भाड्याच्या मोटरसायकलींच्या थांब्यावर, गेला. अड्ड्याचा चेअरमन किगोंगो गाडीवर रेलून शेंगदाणे खात होता.

"चल, ऑफिसात सोड."

"नाही जमणार, साहेब."

"का? पेट्रोल संपलं?"

"पेट्रोल आहे. आम्हीच उरणार नाही म्हणालात ना काल. आत्तापासून सवय केलेली बरी. तुम्हालाही आणि आम्हालाही."

बाकीचे चालक हसले नाहीत. तेव्हा सेम्पिज्जाच्या लक्षात आलं की हे खरंच आहे. तो पायी निघाला.

वाटेत त्याची बायको नाबातांझी त्याच अड्ड्यावरच्या बोडावरून, मांडीवर केळ्यांचा घड घेऊन, मागून आली. तिच्याशी कुणाचं वाकडं नव्हतं. तिनं गाडी हळू करायला लावली.

"छत्री देऊ?"

"नको."

"बरं," म्हणाली आणि गेली.

सेम्पिज्जा रोज चालू लागला. फुटपाथ जिथे होता तिथे त्यावर मोटारी उभ्या असत. जिथे नव्हता तिथे गटार होतं. एकदा तो त्यात गुडघ्यापर्यंत गेला. त्या गुरुवारी तो रेडिओवर गटारांच्या झाकणांवर बोलला. पुढच्या गुरुवारीही झाकणंच.

कार्यक्रमाच्या निर्मात्या अपोलोटबाईंनी त्याला बाजूला घेतलं. "सेम्पिज्जा, लोकांना आकाशातून जायचंय. तुम्ही त्यांना गटारात नेताय."

"मी रोज तिथूनच येतो, बाई."

"ते दिसतंय," त्याच्या बुटांकडे बघत त्या म्हणाल्या.

थोड्याच दिवसांत त्यांनी उडत्या टॅक्सींवर बोलणारा दुसरा तज्ज्ञ शोधला. सेम्पिज्जा निरोप घेऊन बाहेर पडला, तर फाटकाशी किगोंगो एका गिऱ्हाइकाला उतरवत होता.

"बसा, साहेब."

"आणि सवयीचं काय?"

"तुम्हाला काढलं म्हणे. आता तुमचं बोलणं कशाला मनावर घ्यायचं?"

पाय फार दुखत होते. अपमानाचं घरी गेल्यावर बघू, असं ठरवून सेम्पिज्जा बसला.

चढावर किगोंगोनं मागे न बघता विचारलं, "ती विजेची गाडी एका चार्जिंगमध्ये किती जाते हो?"

"माहीत नाही."

"रेडिओवर माहीत होतं."

"रेडिओवर होतं."

किगोंगोनं गियर बदलला. "दोघं बसले तर चढ चढते?"

"तेही कधी बघितलं नाही."

"मग शनिवारी बघून येऊ. विकणारे तुम्हाला ओळखत असतील. चालवायला तरी देतील."

शनिवारी विकणाऱ्यांनी ओळखलं आणि गाडी दिली. सेम्पिज्जा किगोंगोची कंबर धरून मागे बसला. गाडी आवाज न करता टेकडी चढली. वर पोचल्यावर किगोंगोनं गाडी वळवली, खाली आणली आणि पुन्हा एकदा चढवली.