फुलपाखरांनी अडवलेलं वऱ्हाड

एउलालियाच्या लग्नाच्या आदल्या संध्याकाळी मेक्सिकोतल्या त्या डोंगरावर गारा पडल्या आणि सकाळी पाहतात तर गाडीरस्त्यावर दरड कोसळलेली. नवऱ्याचं गाव खिंडीपलीकडे. अकराला चर्च गाठायचं, तर आता रानातल्या पायवाटेशिवाय इलाज नव्हता.

नवरीचा बाप अबुंदियो त्या रानाचा राखणदार. बावीस वर्षं झाली होती. दर हिवाळ्यात ओयामेलच्या सूचिपर्णी झाडांना मोनार्क फुलपाखरं लाखोंनी लटकायची आणि खाली अबुंदियो येणाऱ्या-जाणाऱ्यावर खेकसायचा, "पायाखाली बघा!" गावातली पोरं त्याची हुबेहूब नक्कल करायची.

सत्तर माणसं निघाली. पुढे बँड, मध्ये नवरी, मागे मोलेचे, म्हणजे मिरची-चॉकलेटच्या दाट रश्श्याचे, दोन हंडे. खिंडीच्या अलीकडे ट्रम्पेटवाला थबकला आणि मागचे त्याच्यावर आदळले. पुढची वाट नारिंगी झाली होती. गारठ्याने झाडांवरून गळून पडलेली फुलपाखरं, दोनशे पावलांपर्यंत, एकावर एक.

"सगळी मेली वाटतं," कुणीतरी हळूच म्हणालं.

अबुंदियोने एक उचलून ओंजळीत धरलं आणि तोंडाची वाफ दिली. बारीक पाय हलले. "गारठलीत नुसती. ऊन लागलं की उडतील."

"इथं ऊन कधी यायचं?" त्याची बहीण एर्मिनिया म्हणाली.

"बारा वाजतील."

"बारा? तोवर विहीणबाई मुलाला दुसरी बघतील!"

हसले सगळे, एक अबुंदियो सोडून. विहीणबाई म्हणजे क्रेसेन्सिया. साखरपुड्यातच त्या म्हणाल्या होत्या, "रानातली माणसं तुम्ही, तुमचं घड्याळ म्हणजे कोंबडा." वाटेच्या एका अंगाला दरी, दुसऱ्या अंगाला चढ. वळसा घालायला जागा नव्हती. त्याने खाली मान घातली.

"एका रांगेनं चला," तो पुटपुटला. "कडेकडेनं. थोडी चिरडतील, पण..."

सत्तर माणसं त्याच्याकडे बघतच राहिली.

"बाबा, हे तुम्ही बोलताय?" एउलालिया म्हणाली.

"पोरी, तुझं लग्न आहे."

"माझंच ना? मग मी ठरवते." तिने पांढरा घागरा गुडघ्यापर्यंत वर खोचला, वाटेवर बसकण मारली आणि फुलपाखरं वेचायला लागली.

मग काय, नवरी वेचतेय म्हटल्यावर सगळेच बसले. टोप्या भरल्या, शाली भरल्या. ट्यूबावाल्याने आपल्या पितळी वाद्याचं भलंमोठं तोंड वर करून धरलं, तर बायकांनी तेही भरलं. भरलेलं सगळं वरच्या चढावर नेऊन झुडपांवर मांडायचं, तिथं ऊन आधी पोचत होतं.

"बघा गं बायांनो," एर्मिनिया वेचता वेचता बडबडत होती, "यांच्या खापरपणज्या गेल्या मार्चात इथून उडाल्या. उत्तरेला रुईसारखी चिकाची झाडं असतात, त्यांवर अंडी घातली नि मेल्या. त्यांच्या पोरी आणखी वर गेल्या, नाती त्याहून वर, पार कॅनडापर्यंत. यांनी हे रान जन्मात पाहिलं नव्हतं, तरी नेमक्या याच झाडांवर आल्या. आणि आम्हाला शेजारचं गाव गाठवेना!"

अर्धी वाट मोकळी झाली तेव्हा पलीकडून माणसांचा गलका आला. नवऱ्याकडची मंडळी शोधायला निघाली होती. सगळ्यांत पुढे छत्री टेकत क्रेसेन्सियाबाई, मागे घामाघूम झालेला नवरदेव फिदेन्सियो. बाईंनी तरातरा पाऊल उचललं आणि अबुंदियोच्या तोंडून बावीस वर्षांची सवय बाहेर पडली.

"पायाखाली बघा!"

आयुष्यात विहीणबाईंवर असं कुणी खेकसलं नव्हतं. त्या एका पायावर तशाच उभ्या राहिल्या, खाली पाहिलं, मग समोर पाहिलं. चिखलाने माखलेली होणारी सून, तिच्या केसांत दोन फुलपाखरं.

"आमच्या बाजूला किती उरलीत?" त्यांनी विचारलं.

"शंभर पावलं असतील," अबुंदियो कसाबसा म्हणाला.

त्यांनी पाय मागे घेतला आणि मुलाकडे वळल्या. "फिदेन्सियो, ध्यान कसलं लावलंयस? टोपी काढ!"

दोन्ही वऱ्हाडं दोन्हीकडून वेचत मध्यावर आली. फिदेन्सियो आणि एउलालियाची डोकी एकमेकांवर आपटली, तेव्हा वाद्यं बाजूला ठेवलेल्या बँडवाल्यांनी तोंडानेच सलामी दिली. तेवढ्यात उन्हाची तिरीप झुडपांवर स्थिरावली. आधी पंख थरथरले. मग एक उडालं, दहा उडाली, आणि एकदम सगळं झुडूपच उठल्यासारखं झालं. पंखांचा आवाज रिमझिम सरीसारखा येत होता. ट्यूबातून शेवटचं फुलपाखरू चालत बाहेर आलं.

काही उठली नाहीत. अबुंदियोने ती एका झाडाच्या बुंध्याशी ठेवली, वर पाला घातला आणि टोपी छातीशी धरून क्षणभर उभा राहिला.

लग्न दोनला लागलं. पाद्रीबाबा उपाशी असल्यामुळे प्रवचन आखूड झालं, त्याबद्दल दोन्ही घरांनी देवाचे आभार मानले. जेवायला क्रेसेन्सियाबाई मुद्दाम अबुंदियोशेजारी बसल्या.

"व्याही, ती उत्तरेला परत कधी निघतील?"

"दोन-तीन आठवड्यांत. त्याआधी इथंच जोड्या जमतात त्यांच्या."

"म्हणजे मुहूर्त तुम्ही बरोबर धरलात," बाई म्हणाल्या आणि आणखी मोलेसाठी ताटली पुढे केली.