हळू दिलेला शह

खरं सांगितलं तर तुम्ही विश्वास ठेवणार नाही, म्हणून आधीच बजावून ठेवतो. हैदराबादला नवाबाच्या देवडीत, म्हणजे वाड्यात, मी पाठ फिरवून एकदम सात पट खेळलो, आणि त्याच वेळी न्हावी माझी दाढी करत होता. सहा डाव मारले. सातवा बरोबरीत सुटला, कारण वस्तरा गळ्याशी आला तेव्हा शह म्हणायला तोंड उघडता येईना.

हसा. गुलबर्ग्याच्या सामन्यात समोरचा उस्ताद एका चालीला इतका वेळ अडून बसला, की त्याच्या हुक्क्याच्या नळीवर चिमणीनं घरटं मांडलं. सिकंदराबादच्या छावणीतला गोरा कप्तान मी त्याच्याच विलायती कायद्यानं हरवला, तर तो तीन दिवस मला सलाम करत फिरला. हात खालीच येईना. शेवटी डागदरानं उतरवला. असे अकरा सामने मारले. त्यातले चार प्यादेमातीनं, म्हणजे कोणत्या प्याद्यानं मात करणार ते डावाआधी सांगून, त्याच्या गळ्यात लाल दोरा बांधून.

माणिकराव पाटील, तबकातला फेटा कुठं पळून जात नाही. आधी ऐका, मग बांधा. यंदापासून नरसिंहाच्या यात्रेत बुद्धिबळाचे सामने भरणार आणि त्याचा पहिला मान तुम्ही या आश्रुबाला देताय. तर हा उस्ताद कुणाचा घाव खाऊन उभा राहिला, तेही आपल्या पोखर्णी गावाला कळू द्या. घाव परक्याचा नव्हता. माझ्या दोस्ताचा, भुजंगचा होता.

तानुबाई, तू मागं खांबाला टेकून बसलीस ते मी पाहिलंय. तुझ्या नवऱ्याची निंदा करायला मी बसलो नाही. त्याला जाऊन दोन वर्षं झाली. मी त्याला कधीच माफ केलंय.

भुजंग आणि मी एकाच कळपामागं वाढलो. मेंढ्या चरायच्या आणि आम्ही मातीत रेघा ओढून पट आखायचो. त्याचे मोहरे लिंबोळ्यांचे, माझे लेंड्यांचे. हरलो की माझी फौज मी रागानं तुडवायचो आणि तो हसत हसत दुसऱ्या लेंड्या वेचून आणायचा. भाकरी एक असली तर अर्धी मोडायची, आणि मोठा तुकडा मला.

आपल्या देशी डावाची एक खुबी पोरासोरांनाही ठाऊक असते. राजाला सबंध डावात एकदा, एकदाच, घोड्यासारखी अडीच घरं उडी मारता येते. पण एकदा का त्या राजाला शह बसला, की उडी गेली. पुढं त्यानं एकेक घर रांगत मरायचं. म्हणून पहिला शह फार मोठा. रानात आम्ही खेळायला लागलो की इतर गुराखी भोवती जमायचे, आणि ज्याला पहिला शह बसला त्याला लंगडा राजा म्हणून दिवसभर चिडवायचे. त्यावर भुजंगनंच तोड काढली. आपल्या दोघांत पहिला शह मोठ्यानं बोलायचा नाही, कानाशी बोलायचा. ज्याला बसला त्यानं मुकाट्यानं मानायचा, आणि उडी विसरून जायची.

तसे आम्ही चाळीस वर्षं खेळलो. तानुबाई लग्न होऊन आली तेव्हाही ओट्यावर पट मांडलेलाच होता. ती बाजूला लोकर पिंजत बसायची, आम्ही खेळायचो.

मग निजामाच्या तेराशे पंचेचाळीस फसली सालात सेलूला सामने भरले. बन्सीधर शेठ म्हणून जिनिंगवाले होते, त्यांच्या आवारात. पंच होते दिनकरराव वकील. जो जिंकेल त्याला हैदराबादच्या एका नवाबाच्या देवडीत खेळाडू म्हणून ठेवून घेणार होते. राहायला जागा, दोन वेळचं जेवण, अंगावर शेरवानी, आणि काम काय तर बुद्धिबळ. जागा एकच. पन्नाशीला टेकलेल्या दोन मेंढक्यांना याहून मोठं काय मिळणार होतं? शेकडो खेळाडू आले. इतके, की पट मांडायला जागा पुरेना आणि काहींनी म्हशीच्या पाठीवर डाव मांडले. म्हैस हलली की डाव बरोबरीत. शेवटी उरलो आम्ही दोघं.

सकाळी बसलो. कापसाच्या ढिगांवर माणसं चढून पाहत होती. भुजंगनं आपल्या उंटापुढच्या प्याद्याला लाल दोरा बांधला. म्हणजे माझ्यावर प्यादेमात करणार, भर सभेत. तिथंच माझ्या काळजात कळ उठली. पण मी खचलो नाही. उलट असा डाव खेळलो की कापूससुद्धा पिंजायचा थांबला. तुम्हाला एक चाल सांगतो, त्यावरून समजा. भुजंगचा हत्ती मोकळ्या उभ्या ओळीत येऊन बसला. मी क्षणभरही न दवडता माझा उंट मधे घातला. कुणाचा जोर नाही, काही नाही. भुजंगनं तो घोड्यानं टिपला. फुकट गेला उंट. ढिगावरची माणसं हळहळली. पण उस्ताद लोकच असा उंट उधळतात, साध्या माणसाची छाती होत नाही. हैदराबादला पुढं ती चाल मी नवाबसाहेबांना समजावून सांगितली, तर त्यांनी पाच वेळा माझा हात डोळ्यांना लावला.

त्याच सुमाराला चहा आला होता आणि गलका झाला होता. दिनकरराव पाठ वळवून लोकांना गप्प करत होते. हे ध्यानात ठेवा, पुढं लागेल.

दुपार कलली. भुजंगचं दोऱ्याचं प्यादं सरकत सरकत माझ्या राजाच्या पुढ्यात आलं. आणखी एक चाल आणि मात. मी राजा उचलला आणि अडीच घरं उडवून कोपऱ्याबाहेर काढला. त्याचा सगळा सापळा रिकामा.

अशा वेळी दोस्तानं काय करावं? पाठ थोपटावी. भुजंगनं पटावर हात ठेवला आणि दिनकररावांना म्हणाला, ही उडी चालत नाही, आश्रुबाला सकाळीच शह बसलाय.

दिनकररावांनी विचारलं, आम्ही कसा ऐकला नाही? तर म्हणे, चहाच्या गलक्यात हळू दिला, कानाशी दिला, चारचौघांत त्याला कुणी लंगडा राजा म्हणू नये म्हणून. अहो, ती रानातली रीत. जिथं हैदराबादची जागा पणाला लागलीय तिथं कुणी शह कानात देतं का? सगळं आवार हसायला लागलं. दिनकररावांनी विचारलं, साक्षीदार कोण? भुजंगनं माझ्याकडं बोट केलं. अगदी शांतपणे म्हणाला, "आश्रुबाला इचारा. त्यो सांगल. त्यो खोटं बोलायचा न्हाई."

बघा मंडळी. हरताना माझ्याच गळ्यात साक्ष अडकवली. दिनकररावांनी मला नरसिंहाची शपथ घालून विचारलं. मी म्हणालो, शह बसला नाही. डाव पुढं चालला. बारा चालींत मी मात केली.

भुजंग उठताना माझ्याकडं पाहत राहिला, एवढंच. मी गाडीत बसलो तेव्हा निरोप द्यायलाही स्टेशनावर आला नाही. चाळीस वर्षांचा दोस्त आणि सभेत मला खोटा पाडायला निघाला, हा दगा मी दहा वर्षं उरात घेऊन हिंडलो. गादीवर झोपलो तरी टोचायचा. इकडं त्यानं पटाला पुन्हा हात लावला नाही म्हणतात. लोक त्याला खोट्या शहाचा भुजंग म्हणायला लागले, पारावर कुणी पटाजवळ बसू देईना, लेकीच्या सोयरिकीतसुद्धा ती गोष्ट निघाली. वाईट वाटतं. पण जे ज्यानं केलं ते त्याच्यापाशी. आश्रुबाचा राजा त्या दिवशी शहाविना होता, अगदी कोरा, आणि त्या कोऱ्या राजाच्या जिवावर हा फेटा आज माझ्या डोक्यावर चढतोय. बांधा, माणिकराव.

माणिकरावांनी फेट्याची घडी उचलली. एक वेढा माझ्या डोक्याला पडला. तेवढ्यात मागं खांबाशी तानुबाई उभी राहिली. आवाज चढवला नाही. ओट्यावर लोकर पिंजताना बोलायची तशीच बोलली.

"आश्रुबा भावजी, एक इचारू का? मला तुमच्यावानी खेळता येत न्हाई, बघून बघून कळतंय तेवढंच."

विचार की, मी म्हणालो.

"त्यांचा हत्ती मोकळ्या वळीत आला, तवा तुमी उंट मधे घातला म्हनलाव."

हो, मी म्हणालो. फुकट दिला. उस्तादाची चाल.

माणिकरावांचा हात दुसऱ्या वेढ्याआधीच थांबला होता.

"मधे म्हंजी हत्तीच्या अन् तुमच्या राजाच्याच की," तानुबाई म्हणाली. "शह बसल्याबिगर राजाम्होरं उंट मरायला कोन घालतं, भावजी?"