काचवाल्यांचं शेवटचं स्कोअरबुक

संघ जाणार ही बातमी आली तो मंगळवार होता. १९७१ चा ऑगस्ट संपत आला होता. माझी बायको विल्मा टोमॅटो उकळून बरण्यांत भरत होती आणि मी झाकणं आवळून देत होतो. रेडिओवर मर्ल बोलत होता. आमच्या सामन्यांचं धावतं वर्णन तोच करायचा. त्यानं आधी हवामान सांगितलं. मग जरा थांबून म्हणाला, मालकांनी काचवाल्यांचा संघ विकलाय, पुढच्या उन्हाळ्यापासून तो फ्लोरिडात वेगळ्या नावानं खेळेल.

मी झाकण हातात धरून उभाच राहिलो. विल्मानं शेगडी बारीक केली.

"इथला शेवटचा सामना कधी आहे?" तिनं विचारलं.

"पाच सप्टेंबर. रविवार."

"मग डॉक्टरांना कळव, मंगळवारी येते म्हणून. सोमवारी सुट्टी असते."

डॉक्टरांनी तिला त्याच आठवड्यात इस्पितळात बोलावलं होतं. पोटात गाठ होती. मी फोन केला तेव्हा ते म्हणाले, चालेल, आठवड्यानं फारसा फरक पडणार नाही. ते ज्या आवाजात म्हणाले त्यावरून मी काय ते समजलो.

काचवाल्यांचा संघ आमच्या गावाचा, म्हणजे काच कारखान्याचा. माझ्या वडिलांच्या वेळी कारखान्यातली माणसंच खेळायची, दुपारपर्यंत भट्टीवर आणि मग मैदानात. नंतर लीगमध्ये घेतलं, पगारी खेळाडू आले, पण नाव तेच राहिलं. बेसबॉलच्या मोठ्या लीगपासून आम्ही तीन पायऱ्या खाली होतो आणि तिथंही बहुतेक वर्षं तळाला. सदतीस साली नदीचा पूर मैदानात शिरला, तेव्हा कुंपणावर पुरुषभर उंचीला चिखलाची रेघ उमटली. ती कुणी कधी पुसली नाही. एकोणपन्नासला अजिंक्यपद मिळालं, एकदाच. कारखान्यानं काचेचा मोठा चषक फुंकून दिला होता. तो मिरवणुकीत महापौरांच्या हातून फुटला. अजूनही त्याचे तुकडे गावात पाच-सहा घरांत सापडतील. एक आमच्या कपाटात आहे.

खेळाडू आमच्यासारख्यांच्या घरी भाड्यानं राहायचे. आमच्या माडीवर दोन वर्षं एक पिचर, म्हणजे चेंडू टाकणारा, राहत होता. मोठ्या लीगनं त्याला बोलावलं आणि एकोणीस दिवसांनी परत पाठवलं. तिथून त्यानं विल्माला पत्र टाकलं होतं, "इथलं जेवण तुमच्याइतकं चांगलं नाही."

विल्मा सामना लिहायची. चौतीस साली लग्न झालं तेव्हापासून, घरच्या मैदानावरचा एकूण एक सामना. दर वर्षी नवी वही. वहीत प्रत्येक फलंदाजाला प्रत्येक डावात एक चौकट असते, आणि तो कसा बाद झाला किंवा कुठल्या बेसपर्यंत पोचला ते त्या चौकटीत आकड्यांनी मांडायचं. तिच्या शेजारी बसून मी शेंगदाणे सोलायचो आणि पंचांना शिव्या द्यायचो.

"तोंड आवर, गस," ती म्हणायची. "चेंडू कुणी अडवला ते मला दिसलं नाही तुझ्या हातवाऱ्यांमुळे."

"वर्तमानपत्रात येईल की उद्या."

"वर्तमानपत्रात बेरीज येते. सामना येत नाही."

शेवटच्या रविवारी मी तिला गाडीतून थेट दारापर्यंत नेलं. पायऱ्या चढताना दोनदा थांबली. अंगावर घोंगडी होती, ऊन असूनही. सहा डाव तिनं नेहमीसारखे लिहिले. सहावा संपल्यावर ती मागं टेकली. तिनं वही माझ्या मांडीवर ठेवली, पेन्सिल दिली.

"आता तू लिही. मी बघते."

"मला कुठं येतं?"

"सदतीस वर्षं शेजारी बसलायस. बैलालासुद्धा आलं असतं."

आमच्या मागे क्लेटस बसला होता. कारखान्यात तो आणि मी एकाच भट्टीवर होतो. तो खाली वाकून म्हणाला, "वहिनी, याच्या हातात पेन्सिल देऊ नका. हा ती खाईल."

विल्मा हसली. मी पेन्सिल कानावर अडकवली.

मी लिहिलं नाही. येत नव्हतं हे खरं, पण कारण ते नव्हतं. सातव्या डावात लोकांनी पेचकस बाहेर काढले. कुणी ठरवलं होतं की काय माहीत नाही, पण निम्मं गाव खिशात पेचकस घालून आलं होतं. मैदान पाडणार हे सगळ्यांना ठाऊक होतं, तेव्हा जो तो आपापली खुर्ची घरी न्यायच्या तयारीनं आला होता. मीही आणला होता. आठव्या डावात पाहुण्यांची फलंदाजी चालू असताना अख्खा स्टँड खाली वाकून स्क्रू काढत होता. एक म्हातारी पाद्रीबुवांना म्हणाली, "फादर, तुमचं झालं की मला द्या." विल्माच्या खुर्चीच्या हातावरचा पितळी नंबर मी काढत होतो. स्क्रू गंजले होते, निघता निघेनात. ती मान ताठ करून मैदानाकडे बघत बसली होती.

आम्ही चार-दोन हरलो.

मंगळवारी ती इस्पितळात गेली. बुधवारी तिनं विचारलं, "वही पुरी केलीस?"

"केली," मी म्हणालो.

"सगळे डाव?"

"सगळे."

"बैलाला आलं म्हणायचं," ती म्हणाली आणि डोळे मिटले. पुढं सोळा दिवसांनी ती गेली. वही तिनं परत मागितली नाही.

दोन वर्षं मी कपाट उघडलं नाही. मग या मार्चमध्ये वाचनालयाच्या मिस ऑक्स घरी आल्या. वाचनालयात काचवाल्यांसाठी एक खोली करायची आहे, त्यात विल्माच्या वह्या ठेवायच्या आहेत, असं म्हणाल्या. "मिस्टर ह्रूबी, संघाच्या कचेरीतले कागद फ्लोरिडाला जाताना हरवले. काय घडलं ते आता फक्त तुमच्या बायकोच्या हातचं उरलंय. शेवटचा सामना तर पहिल्या टेबलावर, उघडा ठेवू."

मी बरं म्हणालो. दुसरं काय म्हणणार होतो?

त्या गेल्यावर मी अडतिसावी वही काढली. सहा डाव भरलेले, पुढं पांढरं.

आधी मी लिहायला शिकलो, तिच्याच जुन्या वह्यांवरून. त्याला एप्रिल गेला. मग घरोघर जाऊन विचारायला लागलो. सातवा डाव सोपा होता. आमच्या पहिल्या बेसवाल्यानं त्यात कुंपणापार फटका मारला होता आणि तो डाव गावात अजून सांगतात. नववाही लोकांना तोंडपाठ होता. आठव्यातला आमचा डाव मर्लनं जमवून दिला. त्याच्याकडे ध्वनिफीत नव्हती, पण सिगारेटच्या पाकिटांवर टिपणं होती. पाहुण्यांच्या डावाचं टिपण मात्र नव्हतं.

"मर्ल, तू तर बोलत होतास रेडिओवर."

"बोलत होतो, पण लोक खुर्च्या उचकटताहेत तेच सांगत होतो. पाच मिनिटं तेवढंच सांगितलं."

पाहुण्यांचा पहिला फलंदाज क्लेटसला आठवला, कारण चेंडू अडवताना आमचा खेळाडू तोंडावर पडला होता. तिसऱ्यानं फटका मारून पहिला बेस गाठला, आणि चौथा झेल देऊन बाद झाला. दुसरा बाद झाला, तीन चेंडू हुकवून नाही, इतकं वर्तमानपत्रावरून कळतं. कसा बाद झाला, ते कुणालाच माहीत नाही.

फलंदाजामागं बसून चेंडू धरणारा आमचा कॅचर आता गावात बेकरी चालवतो. त्याच्याकडे गेलो. त्यानं लुसलुशीत पाव बांधून दिला, पैसे घेतले नाहीत.

"काका, मी रडत होतो," तो म्हणाला. "जाळीच्या मुखवट्याआड कुणाला दिसत नव्हतं इतकंच. माझ्याकडे आला तो चेंडू धरला, बाकीचं विचारू नका."

त्या दिवशीचा पिचर डेल रुसो क्लीव्हलँडला विमा विकतो. त्यानं फोनवर आधी सांगितलं की चेंडू जमिनीवरून दुसऱ्या बेसवाल्याकडे गेला. तासाभरानं त्यानंच फोन करून सांगितलं, नाही, तो झेल होता, डाव्या बाजूला. मग म्हणाला, "माफ करा, त्या आठवड्यात मी तीस जणांना चेंडू टाकला." फलंदाजाच्या गावी मी पत्र टाकलं. पत्ता सापडत नाही म्हणून ते परत आलं.

काल संध्याकाळी क्लेटस अंगणात बसला होता. त्याच्या अंगणात आमच्या रांगेतल्या दोन खुर्च्या आहेत. एकीत तो बसतो आणि दुसरीत त्याचं मांजर.

"अरे, दुसऱ्या बेसवाल्यानं अडवून पहिल्याला दिला, असं लिहून टाक," तो म्हणाला. "निम्मे तसेच बाद होतात. कोण येणार आहे तपासायला?"

"विल्मानं तसं कधी केलं नाही. दिसलं नाही तर शेजारच्याला विचारायची. कुणालाच दिसलं नसेल तर कोरं सोडायची."

"म्हणजे तिच्या वह्यांत कोऱ्या चौकटी आहेत?"

"बघितल्या. अडतीस वर्षांत चार."

क्लेटसनं मांजराला खाली उतरवलं आणि मला बसायला जागा केली.  मग तो म्हणाला, "स्टँडमध्ये एकच बाई मैदानाकडे बघत होती, गस."

"माहीत आहे."

"मग तेव्हाच विचारायचं होतंस."

सोळा दिवस मी तिच्या पलंगाशी बसलो होतो. पहिला आठवडा ती चांगली शुद्धीवर होती, सूप आवडलं नाही की नर्सला ऐकवायची. सगळे फलंदाज तिनं ओळीनं सांगितले असते. पण विचारलं असतं तर मी लिहिलं नाही हे तिला कळलं असतं. म्हणून मी हवामानावर बोललो, टोमॅटोवर बोललो आणि तेवढं सोडून बाकी सगळं विचारलं.

हे मी क्लेटसला सांगितलं. तो उठला. आत जाऊन दोन बियर घेऊन आला.

शनिवारी मिस ऑक्स वह्या न्यायला येतील. सदतीस पुऱ्या आहेत. अडतिसावीत सातवा आणि नववा डाव मी माझ्या हातानं भरला, आठवाही जवळजवळ भरला. त्यात पाहुण्यांच्या दुसऱ्या फलंदाजाची चौकट तेवढी कोरी सोडली आहे.