रस्सा दाट का होतो

झुकिनी ही भाजी नसून अपमान आहे, असं बाबांचं मत होतं, आणि ते मत ते रोज संध्याकाळी नव्या शब्दांत मांडत.

"काकडीला शिकवणी लावली म्हणून तिची नूडल होत नाही," त्या शनिवारी ते म्हणाले. मी अजून चपलाही काढल्या नव्हत्या. खांद्याला पिशवी, पिशवीत कोळंबी, पुदिना, कोथिंबीर आणि बेझिलची जुडी. आणि दिवसभर चष्म्याच्या काचा घासून डोळ्यांत उतरलेला शीण.

"काकडी नाही बाबा, झुकिनी."

"नाव बदललं की अंगातलं पाणी कमी होतं का?"

मी चपला काढल्या. उत्तर दिलं की ते पुढचं वाक्य काढत, आणि त्यांच्याकडे वाक्यांचा साठा मोठा होता.

बाबांनी उभा जन्म नूडल्स ओढण्यात घालवला. बाजाराच्या कोपऱ्यावर आमचं चिंचोळं दुकान होतं. दारातच ओटा, ओट्यामागे बाबा. पिठाचा गोळा दोन्ही हातांत धरून ते झुलवायचे, दुमडायचे, पुन्हा ओढायचे. एकाचे दोन, दोनाचे चार होत होत त्यांच्या हातांमधे तलम पडदा लोंबू लागायचा, आणि रस्त्यावरची माणसं पिशव्या खाली ठेवून बघत राहायची. मग पायाच्या अंगठ्याला जखम झाली, ती भरेना. डॉक्टरांनी रक्त तपासलं आणि पीठ बंद, भात बंद, पाव बंद. साखर उतरली नाही तर अंगठा जाईल, म्हणाले. पाठोपाठ दुकानही बंद झालं. तिथून बाबांनी घरी दोनच वस्तू आणल्या: नूडल्स टांगायची लाकडी काठी, आणि एक मलमलची पुरचुंडी. ती त्यांनी ओट्याशेजारच्या खिळ्याला टांगली आणि ताकीद दिली, "हिला हात लावायचा नाही." मी लावला नाही. म्हाताऱ्या माणसाची आठवण ती, कशाला हलवा?

घरातलं सगळं पीठ मात्र मी हद्दपार केलं. माझा पावसुद्धा मी कामावर, चष्म्याच्या दुकानातच खाऊन यायची. आणि बाबांचे हात रिकामे राहू नयेत म्हणून त्यांना हे काम लावून दिलं. पेन्सिलीला टोक काढतात तसल्या यंत्रातून झुकिनीच्या लांब लांब सरी काढायच्या, काठीवर निथळत टांगायच्या. तोवर मी मोरीशी कोळंबी सोलायची, पाला निवडायचा. मग कढईत तेल, लसूण, कोळंबी, वरून त्या सरी, लिंबू, पाला. झालं जेवण. इतकं झटपट की गॅसलाही कळू नये.

आणि चव? खोटं कशाला बोलू, छान व्हायची. रस्सा कसा मऊ, दाट, सरींना लगडून यायचा. पाककृतीत लिहिलं होतं की झुकिनीला पाणी सुटतं आणि रस्सा पातळ होतो. आमचा कधी झाला नाही. मला वाटायचं, हाताला गुण आहे माझ्या.

एवढं करून साखर उतरत नव्हती. रोज सकाळी मी बाबांच्या बोटाला सुई टोचायची आणि साखर मोजायचं छोटं यंत्र मला वाकुल्या दाखवायचं.

"चोरून खाताय," मी म्हणायची.

"तुझ्या आईची शपथ, नाही."

"आईला मधे आणू नका. समोरच्या मावशी केक देतात ना?"

समोरच्या दारातल्या मावशी केक करून विकत. गेल्या आठवड्यात मी त्यांच्या दारात उभी राहून त्यांना नको ते बोलले. "तुमच्या लाडापायी माझ्या बापाचा अंगठा जाईल," असंही बोलले. त्यांनी दार लावून घेतलं, ते तेव्हापासून लागलेलंच.

आणि रविवारी दादा येणार होता. दादा दूरच्या शहरात उंच इमारतीत राहतो. त्याचं बोलणंही तसंच, वरून खाली येणारं. "चिमे, तुझ्याच्याने होत नाहीये हे. मी गाडी घेऊन येतो. सकाळचा आकडा उतरला असेल तर ठीक, नाहीतर बाबा माझ्याकडे. खाली दवाखाना आहे, वर स्वयंपाकाला बाई आहे, त्यांना कशालाही हात लावायला नको."

तेच तर. मागे एकदा बाबा तिथे राहिले होते. खिडकीशी बसून दिवसभर मांडीवरच्या हातांकडे बघत, कोणाची तरी दोन मुलं सांभाळायला घेतल्यासारखे. परत आले तेव्हा जेवायचेही विसरले होते. अंगठा वाचवायला माणूस घालवायचा, हा हिशेब मला पटत नव्हता. पण आकडा माझ्या बाजूने बोलत नव्हता, करणार काय?

तर त्या शनिवारी मी कोळंबी घेऊन मोरीशी गेले आणि बघते तो मोरी तुंबलेली. पाणी काठापर्यंत रुसून बसलेलं.

"बाबा! चहाची पावडर पुन्हा मोरीत ओतलीत?"

"मोरीची तब्येत बिघडली की माझं नाव घे."

मी कपाळावर हात मारला, परातीत पाणी घेतलं आणि कोळंबी सोलायला जेवणाच्या टेबलाशी बसले. रोज माझी पाठ बाबांकडे असे आणि नळ चालू असे. आज तोंड त्यांच्याकडे होतं.

बाबा यंत्र फिरवत होते. हिरव्यापांढऱ्या सरी उतरत होत्या, ते त्या काठीवर टांगत होते आणि गुणगुणत होते. दुकानातलंच गाणं. नूडल्स ओढताना हाताला लय मिळावी म्हणून त्यांनीच जोडलेलं:

*लांब लांब सर, जशी पावसाची धार,*
*दोन हातांमधे माझा झुलतो संसार.*

आणि 'संसार' म्हणताक्षणी थप्प!

हा आवाज मी रोज ऐकत होते. मला वाटायचं, ओट्यावर ताल धरतात. आज दिसलं. बाबांचा उजवा हात उठला, खिळ्यावरच्या पुरचुंडीवर आपटला, आणि मलमलीतून पांढरा ढग निघाला. भुरभुर, भुरभुर, सगळ्या सरींवर बसला. बाबांनी तिकडे पाहिलंही नाही. दुसरी झुकिनी घेतली. लांब लांब सर. झुलतो संसार. थप्प.

माझ्या हातातली कोळंबी परातीत पडली.

"बाबा. हे काय केलंत?"

"काय केलं? काकडी सोलतोय तुझी."

"आत्ता. हाताने. काय केलंत?"

"अगं काही नाही केलं! बसल्या जागेवरून काय दिसतं तुला? दुसऱ्यांना चष्मे देतेस, एक स्वतःला ठेव."

"हात बघा तुमचा."

त्यांनी बघितला. तळवा पांढराफेक. मग काठीकडे बघितलं. मग पुरचुंडीकडे. ती दुकानातून आली तेव्हा गच्च भरलेली असावी. आता अर्धी रिकामी, गाल बसलेल्या म्हातारीसारखी. नूडल्स एकमेकींना चिकटू नयेत म्हणून प्रत्येक ओढीला पीठ भुरभुरावं लागतं. ते त्यांनी जन्मभर केलं होतं, गाण्याच्या त्याच जागेवर.

"मी... नाही टाकलं," बाबा म्हणाले. आवाज एकदम लहान झाला होता.

"मग कोणी टाकलं? माझ्या सासूने? मला तर सासूही नाही!" मी उठले, बसले, पुन्हा उठले. "रोज, बाबा! रोज! मी मेली पाव दुकानात लपून खाते, मावशींच्या दारात तमाशा करते, दादाची बोलणी खाते. आणि तुम्ही इथे गाणी म्हणत पीठ पेरताय! तरीच म्हटलं रस्सा दाट होतोय! म्हटलं हाताला गुण आहे!"

"गुण होता," बाबा पुटपुटले. "माझ्या."

मला हसू यायला नको होतं. आलं. ते बघून त्यांनाही आलं असतं, पण त्यांनी खुर्ची ओढली आणि बसले. पांढरा हात मांडीवर, उताणा.

"दादाला सांग, ये म्हणावं. जो हात माझं ऐकत नाही, तो घेऊन इथे काय करू?"

हे मला नको होतं. चिडायला मला बाबा उभे लागतात.

मी पुरचुंडी काढली आणि खाली जाऊन कचऱ्यात टाकून आले. आले तर बाबा पातेल्यात सरी धूत होते. फडक्यावर पसरून टिपल्या, पुन्हा काठीवर टांगल्या. उरलेली झुकिनी यंत्राला लावली. गुणगुणू लागले, कारण गुणगुणल्याशिवाय त्यांचं मनगट फिरतच नाही. आणि ओळ संपली तशी, थप्प! हात रिकाम्या भिंतीवर.

"बघ," ते म्हणाले. "आता भिंत फोडीन."

"गाऊ नका मग."

ते गायचे थांबले. यंत्रही थांबलं. सर तुटून खाली पडली. दुसरी तुटली. तिसऱ्या वेळी त्यांनी यंत्रालाच एक शिवी हासडली आणि माझा धीर सुटला. निवडलेला सगळा पाला, पुदिना, कोथिंबीर, बेझिल, मी एका वाटीत कोंबला आणि ती वाटी त्यांच्या उजव्या हाताखाली ठोकून ठेवली.

"घ्या. काय टाकायचं ते टाका. हात आपटायचाय ना? यात आपटा!"

बाबांनी वाटीकडे पाहिलं. एक सर काढली, टांगली. लांब लांब सर, जशी पावसाची धार. हात उठला, खिळ्याकडे निघाला, वाटेत पुदिन्याचा वास आला असावा, आणि वळला. *झुलतो संसार.* मूठभर हिरवं सरींवर पडलं.

"पानं चिरली नाहीस तू," ते म्हणाले. "एवढी मोठी पानं काय बैलाला घालायची आहेत?"

मी चिरली.

रस्सा पातळ झाला. ताटात इकडून तिकडे पळत होता, कोळंबीचे आकडे त्यात पोहत होते, आणि इतका सुंदर पातळ रस्सा मी जन्मात पाहिला नव्हता. एक ताट झाकून मी मावशींच्या दारात गेले. दार किलकिलं झालं.

"मावशी, चुकलं माझं. केक नव्हता, गाणं होतं."

"आधी आत ये," त्या म्हणाल्या, "मग वेड्यासारखं बोल."

दादाला फोनवर सगळं सांगितलं, तर तो चढ्या आवाजात, "हात आपोआप पीठ टाकतो? चिमे, मला काय कुकुलं बाळ समजतेस? त्यांना पाठीशी घालू नकोस. मी पहाटे निघतोय."

तो सकाळी आला तो बाबांची रिकामी बॅग शोधतच. मी बोटाला सुई टोचली. आकडा उतरला होता. दादाला हवा तितका नाही. डॉक्टरांना हवा तितका तर नाहीच.

"एका दिवसाने काय सिद्ध होतं?" दादा म्हणाला. "आणि जेवलेत तरी काय हे? दाखव, मी बघतो करून."

लहानपणी दुकानात बाबांच्या शेजारी नूडल्स ओढायला दादाच उभा राहायचा. मी गल्ल्यापाशी झोपायची. त्याने बाह्या सरसावल्या, झुकिनी यंत्राला लावली. बाबा दारात चहाचा कप धरून उभे. मी गॅसपाशी. यंत्र फिरू लागलं, पहिली सर उतरली, आणि दादा नाकातल्या नाकात, स्वतःच्याही नकळत, गुणगुणू लागला. इतक्या वर्षांनी. उंच इमारतीतला माणूस.

ओळ संपली.

थप्प!

दादाचा हात भिंतीवर होता, खिळ्याच्या बरोबर खाली. त्याने त्या हाताकडे पाहिलं. मग बाबांकडे. बाबांनी शांतपणे चहाचा घोट घेतला.

"वाटी उजवीकडे आहे," बाबा म्हणाले.

दादाने हात काढला, पॅन्टला पुसला. मग बाबांची बॅग कोपऱ्यातून उचलली आणि कपाटावर, जिथून काढली होती तिथे, परत ठेवली.

"महिनाभर बघू," तो म्हणाला. "आणि चिमे, मोरीत कोणी चहा ओततं का?"