सशाच्या वाटेचं नाव

मी एक शब्द आहे. नाव 'स्म्यूज'. मेरिएलला वाटलं होतं, कॅनडातलं शिक्षण संपवून ससेक्समधल्या आपल्या गावी परतलं की मी तिला दारोदार भेटेन. भेटलो नाही.

जिवंत झुडपांच्या कुंपणाच्या बुडाशी, ससा रोज ये-जा करून जी पोकळ वाट पाडतो, ती मी. मला उच्चारताना ओठ आधी मिटतात, मग अरुंद होऊन पुढे येतात. शेवटचा ज 'जरा'मधला. अंग आक्रसून पलीकडे निसटणारा ससाच जणू.

मला एकट्यादुकट्याने घडवलं नाही. मेंढपाळांनी, कुंपण विणणाऱ्यांनी तोंडात घोळवून मला गुळगुळीत केलं. केवढी नजर त्या माणसांची! एवढ्याशा भोकालाही त्यांनी नाव दिलं.

जुने शब्द मरण्याआधी टिपून ठेवायचे आणि पुन्हा गाव सोडायचं, या बेताने मेरिएल ध्वनिमुद्रणाचं यंत्र घेऊन घरोघर फिरली. पण यंत्र दिसलं की गाव नीटनेटकं बोलू लागे. पेलिंगबाईंनी तर ठेवणीतली टोपी घातली.

"कुंपणातल्या त्या वाटेला काय म्हणता, काकू?"

"कुंपणातील छिद्र, बाळ," त्या बातम्या दिल्यासारख्या म्हणाल्या. मी त्यांच्या जिभेवरच होतो, गिळलं मला. मेरिएल फाटकाबाहेर दूर गेली, तशा कुत्र्यावर खेकसल्या, "मेल्या, स्म्यूजमधून तोंड काढ आधी!"

संध्याकाळी मेरिएलचे वडील ऑब्री तारेच्या जाळीची गुंडाळी घेऊन अंगणात आले. "उद्या तो स्म्यूज बुजवून टाकतो."

मेरिएल उडालीच. "बाबा, परत म्हणा ना!"

"काय? उद्या?"

ती हसत यंत्राकडे धावली आणि मध्येच थबकली. "बुजवणार? मग त्याला म्हणणार काय?"

"बुजवलेल्याला कशाला हवंय नाव? ससा माझा कोबी खातोय, तुझा शब्द नाही."

"मग माझ्याकडे नुसता आवाज उरेल, बाबा."

"तेवढ्यासाठीच तर आली होतीस ना?"

यंत्र तिने सुरू केलंच नाही. मला मात्र ती फार आवडली तेव्हा. माझा अर्थ सगळ्यांनी सांगितला असता. मी ज्यात राहतो ते भोक जाईल म्हणून कुणाचा चेहरा उतरलेला मी प्रथमच पाहिला.

वाचकहो, मला एकदा मोठ्याने म्हणा. पण त्याआधी जवळच्या एखाद्या कुंपणाशी वाकून बघा; तुमच्याकडेही कुणीतरी तिथून जात असेल.

सकाळी ऑब्री कुंपणाशी आले, तर रात्री तिथे ठेवलेली जाळी नव्हती. चिखलात गुडघे टेकून मेरिएल ती कोबीच्या वाफ्याभोवती ठोकत होती.

"वाकडी लावतेयस, वेडे," ते म्हणाले आणि खुंटी धरायला खाली बसले. "आणि स्म्यूज?"

"तो राहू दे," मेरिएल म्हणाली. "मीही राहतेय."