विहिरीकडचा तुकडा

मळ्यात सात तुकडे आणि सुनेच्या आठवड्यात सात दिवस. सोमवारी कांदा, मंगळवारी मिरची, बुधवारी पार लांब बांधाकडचा कोबी, असं खुरपत खुरपत रविवारी घरालगत विहिरीकडच्या लसणाशी यायचं. तोवर कांद्यात गवत पुन्हा बोटभर वर. येरे माझ्या मागल्या!

नऊ वर्षं हेच चाललं होतं. आधी तिला राग यायचा, मग रडू यायचं. आता काहीच येत नव्हतं. गवत तेवढं येत होतं.

त्या बुधवारी ती कोबीकडे निघाली आणि विहिरीशीच थांबली. कोबी आज खुरपला काय, उद्या खुरपला काय, कोणाचं काय अडतंय? तिथेच लसणात बसली. जमीन खडकाळ, खुरपं खणखण वाजत होतं. नऊ वर्षांत पहिल्यांदा वार मोडला, पण बरंही वाटेना नि वाईटही.

दुपारी घरी आली, तर सासू दारात. म्हातारीचे डोळे जाऊन चार वर्षं झाली होती. पण आज अंघोळ करून, ठेवणीतले कपडे घालून, केस चापूनचोपून बसली होती.

"आला का गं माझा लेक?"

"आज कसे येतील? बुधवार आहे, आई."

"मला वेड्यात काढू नकोस. सकाळपासनं विहिरीकडं खुरपं वाजतंय. तिथं वाजलं की रविवार."

"आज सहज बसले तिथं."

"सहज?" म्हातारीचा आवाज चिरकला. "मला ना ऊन दिसत, ना कॅलेंडर. खुरपं पार लांब गेलं की बुधवार. मग एकेक दिवस जवळ येत येत लेक यायचा. तुझ्या खुरप्यावर माझा आठवडा चालतो, बाई, आणि तू सहज बसलीस?"

लेक शहरात कामाला होता. मागचे तीन रविवार तो आलाच नव्हता. सुनेच्या अगदी ओठांवर आलं होतं ते, पण तिने गिळलं.

म्हातारी चाचपडत आत गेली. ठेवणीतले कपडे उतरवून तिने घडी केली. "म्हणजे अजून चार दिवस," एवढंच म्हणाली.

सून जेवायला बसली नाही. खुरपं उचलून भर उन्हात बांधाकडे गेली. कंटाळा काही गेला नव्हता, उत्साह तर नव्हताच. बांधावरचा एक दगड बघून तिने खुरपं त्यावर दोनदा जोरात आपटलं.

दारातून हाळी आली, "हां! आता झाला बुधवार!"

तिने मान खाली घातली आणि कोबीची पहिली ओळ धरली.