रविवारची पोच

मित्रांनो, मी एक जुना शिक्का आहे. एका मोठ्या कार्यालयात येणाऱ्या प्रत्येक कागदाला पोच देणारा. माझ्या पोटात दिवस, महिना आणि वर्ष यांच्या रबरी पट्ट्या आहेत. मी नवा होतो तेव्हा आवक कारकून तात्या रोज सकाळी त्या फिरवून कोऱ्या कागदावर माझा ठसा पाहत आणि म्हणत, "आपला शिक्का म्हणजे काळ्या दगडावरची रेघ." ते ऐकून मी मनोमन फुलून जाई.

मग एके दिवशी ग्रंथपाल बाई आल्या. कार्यालयाने चालवलेले मुलांचे वाचनालय बंद करायला त्यांनी लेखी विरोध केला, म्हणून साहेबांनी त्यांना कामावरून काढले होते. न्यायालयाने आदेश दिला होता: तो मिळाल्यापासून तीस दिवसांत वाचनालय उघडा आणि बाईंना रुजू करून घ्या. त्यांच्या निवृत्तीला सात महिने उरले होते. तेवढे तरी त्यांना मुलांमध्ये काढायचे होते.

"तात्या, एवढी पोच द्या."

"शिक्का साहेबांच्या कपाटात आहे हो बाई. आणि किल्ली त्यांच्या खिशात."

मी तात्यांच्या मुठीत होतो. माझी शाई अजून ओली होती.

पोच नाही म्हणजे आदेश मिळाला नाही, आणि मिळाला नाही म्हणजे तीस दिवस सुरूच झाले नाहीत. ही त्या कार्यालयाची मुरलेली रीत. बाई नऊ वेळा आल्या. नवव्या वेळी म्हणाल्या, "तुमची धाकटी माझ्याकडेच वाचायला शिकली, तात्या. तिलाही असंच सांगता का, किल्ली नाही म्हणून?"

बाईंनी आदेश टेबलावर ठेवला आणि न्यायालयात अवमानाची याचिका दाखल केली.

तारखांवर तारखा पडत महिने गेले. अखेर उत्तर देण्याची वेळ आली, तेव्हा साहेबांनी तात्यांना आत बोलावले. "तीस दिवस अजून सरलेले नाहीत असं दिसेल, अशी तारीख टाका." तात्यांनी माझ्या पट्ट्या मागे फिरवल्या. घाईत वार पाहायचे राहून गेले.

न्यायालयात मलाही हजर केले होते. न्यायाधीशांनी ठसा पाहिला, मग भिंतीवरची दिनदर्शिका.

"या तारखेला रविवार होता. रविवारी तुमच्याकडे टपाल कोण घेतं?"

साहेबांनी हात जोडून बिनशर्त माफी मागितली. न्यायालयाने कडक शब्दांत समज दिली, उद्याच रुजू करून घ्या असे बजावले आणि माफी स्वीकारली. चौकशी तात्यांच्या मागे लागली.

तो शुक्रवार होता, महिन्याची एकोणतीस तारीख. शनिवारी बाईंच्या रुजू अहवालावर मी उमटलो. एकतीस तारखेला, रविवारी, त्या निवृत्त होणार होत्या. वाचनालयाचे कुलूप गंजले होते. ते तोडण्यातच दुपार सरली. बाईंनी आपले टेबल पुसले आणि दार उघडे ठेवून संध्याकाळपर्यंत बसून राहिल्या. वाचनालय उघडले आहे, हे कोणत्याच मुलाला ठाऊक नव्हते.

मित्रांनो, मला जपा असे मी म्हणणार नाही. शिक्के झिजतात, नवे येतात. पण उद्या तुमच्यापैकी कुणी त्या टेबलामागे बसेल आणि समोर कुणी कागद घेऊन उभे असेल, तेव्हा एवढेच करा: मूठ उघडा.